जावईबापूंचा मोठा पार्ट

मु. खैरवाडी, पो. गिरड, जि. वर्धा
दि. ९ जून १९७६

चि. अन्नपूर्णाले तुह्या आईचा जयभीम अन् लय लय आशीर्वाद. आमी सारे इकडे बरे आहो, तुमी दोघं तिकडे बरे असा. मी बोलून राह्यली अन् तुही वहिनी जयवंता लिहून राह्यली. मी जसं बोलतो तसंच लिहाव लागते म्हणून सांगून ठेवलं तिले.

पत्राले कारण का तुहा फोटो भेटला. अवं पोरी, तुले काही अक्कल? जावईबापूले रस्त्यावर आडवं पाडलं, डोये मिटले, कपायावर रगत, अन् असा फोटो तू सासूले धाडतं? मी पोस्टमनच्या पुढेच पाकीट फोडलं. मी बोंबच ठोकली. शेजारची रुख्माबाई आली तिनं तं गळाच काढला. तुहा दादा प्रेमदास शाळा शिकवून घरी येईपर्यंत अर्धी वस्ती आंगणात बसली होती. त्यानं मागचं लिहिलेलं वाचलं तवा समजलं का हे टीव्हीतलं मरण होय. मंग रुख्माबाई माह्यावरच चिडली, का तिचं रडणं फुकट गेलं.

मले एक सांग, हा माणूस दरवेळी काऊन मरते? मागच्या वक्ती नदीत मेला, त्याच्या आंधी आगगाडीत मेला. त्या मुलखात दुसरं कोणी नाई का मराले? बाया मले विचारते, तानाबाई, तुमचा जर्मनीचा जावई काय करते? मी काय सांगू, मरते म्हणून? त्याले मारणाऱ्या साहेबाचं नाव लिहून धाडजो. प्रेमदास इंग्रजीत पत्र लिहिन त्याले, का आमचा जावई धडधाकट आहे, त्याले उभं राहाचं काम देजो.

मागच्या हिवाळ्यात तुमच्या लग्नाले आला तवा कसा हसत होता. जयवंतानं त्याले शिकवून ठेवलं होतं का आपल्यात जावई पंगतीले बसला का रुसते, अन् सासूनं त्याचा रुसवा काढाव लागते, जे मांगन ते देव लागते. तं खरंच ताटाकडे पाठ करून बसला. मी भेली, का आता हा गोरा माणूस घड्याळ मांगते का मोटरसायकल. त्यानं मांगितलं काय, तं भितीवरचं सूप. अजून त्या गोष्टीवर वस्ती हसते.

जावईबापूले सांगजो, जेवत जाय अन् मरत नको जाऊ.

तुही आई
तानाबाई रामाजी

ता. क. वन्सं, सासूबाईंनी फोटो डब्यात उलटा करून ठेवला आहे. रोज उघडून बघतात आणि रोज शिव्या देतात. – जयवंता


कोलोन
दि. ४ जुलै १९७६

ती. आईस व ती. दादास अन्नपूर्णेचा सविनय जयभीम, वहिनीला आठवण.

पत्र वाचून मी हसले, मग हेल्मुटला जर्मनमध्ये समजावून सांगितलं, तोही हसला. आई, तुझा राग मला कळतो. मला तुझ्याहून जास्त येतो. पण तो मुद्दाम मरत नाही गं. त्याला मरायचीच कामं मिळतात.

तीन वर्षं नटाच्या शाळेत शिकलाय तो. नाटकात राजाचं काम केलं आहे, हे मी स्वतः पाहिलेलं नाही पण त्याच्या आईनं मला सांगितलं आहे. इथे दर शुक्रवारी टीव्हीवर पोलिसांची एक मालिका असते. त्यात सुरुवातीलाच कोणीतरी मरावं लागतं, नाहीतर पोलिसांना कामच नाही. तो मरणारा म्हणजे आमचे हे. कधी मरत नसला तर वेटर असतो, कॉफी ठेवून निघून जातो. एकदा रेल्वेचा तिकीट तपासनीस होता, तेव्हा दोन वाक्यं होती. त्यातलं एक त्यांनी कापलं.

मागच्या महिन्यात एक दिग्दर्शक त्याला तोंडावर म्हणाला की तुमचा चेहरा चांगला आहे, फक्त तो लक्षात राहत नाही. दादा, असं कोणी माणसाला म्हणतं? मी तिथे असते तर त्या साहेबाच्या लक्षात राहील असं काहीतरी करून आले असते. हेल्मुट मात्र त्याला धन्यवाद देऊन परत आला. या माणसाला रागच येत नाही, म्हणून त्याच्या वाटणीचा मला करावा लागतो.

काम मात्र तो मन लावून करतो. स्वयंपाकघरात जमिनीवर पडून श्वास रोखायची सवय करतो, मी त्याच्यावरून ओलांडून भाजी ढवळते. त्याचं एकच मागणं आहे. एकदा तरी असं काम मिळावं की सिनेमा संपताना तो जिवंत असेल. बस्स, एवढंच. माझंही आता तेच मागणं झालं आहे.

माझी हॉस्पिटलची ड्यूटी ठीक चालली आहे. आई, सूप आमच्या बैठकीत लावलं आहे. येणारा प्रत्येक जण विचारतो की हे कोणतं वाद्य.

तुम्हां सगळ्यांची माया अशीच राहू द्या.

तुमची
अन्नपूर्णा


कोलोन
दि. १२ नोव्हेंबर १९८०

ती. दादास सप्रेम जयभीम वि. वि.

दादा, आधी खाली बस आणि आईलाही बसव. हेल्मुटला मुख्य काम मिळालं. पहिल्या दृश्यापासून शेवटच्या दृश्यापर्यंत तोच आहे, आणि आईला मुद्दाम सांग, शेवटी जिवंत आहे.

टीव्हीसाठी मोठा सिनेमा करणार आहेत. एक जर्मन डॉक्टर हिंदुस्थानातल्या एका खेड्यात जातो आणि तिथलाच होऊन राहतो, अशी गोष्ट आहे म्हणे. एवढ्या मोठ्या कामासाठी याला का घेतलं हे मी त्याला विचारलं नाही, पण मला ठाऊक आहे. बायको हिंदुस्थानी, गाव माहीत, चार शब्द मराठी येतात. असू दे. कोणत्याही दारानं का होईना, आत तर आला.

आता खरी बातमी. त्यांना खरं खेडं हवं होतं, तर यानं आपली खैरवाडी सुचवली. गिरडच्या टेकडीचे फोटो दाखवले, विहार दाखवला, आणि विहिरीची गोष्ट सांगितली. ती मीच त्याला लग्नाआधी सांगितली होती. की आम्ही लहान असताना गावच्या विहिरीपाशी लांब उभं राहायचो, आणि कोणाला दया आली तर तो वरून ओंजळीत पाणी ओतायचा. मग धम्मदीक्षेनंतर आपले बाबा म्हणाले की आता कोणापुढे ओंजळ करायची नाही, आणि वस्तीतल्या माणसांनी स्वतः विहीर खोदली. तू सब्बलीनं खणायचास, मी आणि आई डोक्यावरून मुरूम वाहायचो. पाणी लागलं त्या दिवशी बाबा आत उभे राहून रडले होते, ते तुला आठवत असेलच. ही गोष्ट ऐकून दिग्दर्शक खूश झाला म्हणे.

जानेवारीत सगळी मंडळी येतील. मला रजा नाही, वॉर्डात माणसंच नाहीत. म्हणून सगळं तुमच्यावर सोपवते. दादा, या माणसानं किती वर्षं वाट पाहिली हे मी पाहिलंय. त्याला काहीही कमी पडू देऊ नका. आईला म्हणावं, जावई जे मागेल ते दे, ही माझी विनंती आहे.

आईला माझा जयभीम, मुलांना पापे. वहिनीनं ठेचा पाठवावा.

तुझी
अन्नपूर्णा


खैरवाडी
दि. २० फेब्रुवारी १९८१

चि. अन्नपूर्णेस दादाचा जयभीम व आशीर्वाद.

शूटिंग झालं. मंडळी नागपूरहून विमानानं गेली. जावईबापूंना जे हवं होतं ते मिळालं. त्यांची प्रकृती चांगली आहे.

आईची तब्येत ठीक. तूर निघाली, कापूस हिंगणघाटला नेला. शाळेत तपासणी झाली. तुझी वहिनी सविस्तर लिहिणार होती, पण आई नको म्हणाली. बाकीचं जावईबापू सांगतीलच.

आमची आठवण असू दे.

प्रेमदास


कोलोन
दि. ६ डिसेंबर १९८१

दादा,

जयभीम. खुशाली विचारत नाही आणि सांगतही नाही. काल तो सिनेमा टीव्हीवर दाखवला.

मोठ्या हौसेनं मी वॉर्डातल्या नर्सबायकांना घरी बोलावलं होतं. वडे तळले, पुऱ्या केल्या. वर्षभर मी हेल्मुटला विचारत होते, शूटिंग कसं झालं, आई काय म्हणाली, आणि तो एकच सांगत होता, सगळं छान झालं. तुझं पत्र पोस्टकार्डाएवढं आलं तेव्हाच मला शंका यायला हवी होती. मला वाटलं, शाळेच्या तपासणीनं तुझं डोकं फिरलं असेल.

दादा, आपली वस्ती मी ओळखलीच नाही. अंगावर चिंध्या, तोंडाला चिखल, माणसं भिंतीच्या सावलीला उकिडवी बसलेली. रुख्माबाईला मी चालण्यावरून ओळखलं. विहार कुठे दिसला नाही, शाळा दिसली नाही. मग जर्मन डॉक्टर आला. त्यानं मशीन आणलं, आणि आमची विहीर खोदली. आमची, दादा. बाबांची. दगड न् दगड मी ओळखते तिचा. पाणी लागलं तर सगळी वस्ती त्याच्यापुढे गुडघ्यांवर बसली. सगळ्यांत पुढे एक म्हातारी. तिनं ओंजळ केली, यानं वरून पाणी ओतलं, ती प्यायली आणि याच्या बुटांवर तिनं डोकं ठेवलं.

ती आई होती.

माझ्या शेजारच्या नर्सनं डोळे पुसले आणि म्हणाली, किती कृतज्ञ असतात ही माणसं. मी उठून टीव्ही बंद केला. त्या सगळ्यांना सांगितलं की ही बाई माझी आई आहे आणि ही विहीर माझ्या बापानं खोदली आहे. मग त्यांना जायला सांगितलं. पुऱ्या तशाच राहिल्या.

हेल्मुट म्हणतो, तो अभिनय होता. म्हणतो, मी इतक्या वेळा मेलो तेव्हा तू रडलीस का? मी त्याला विचारलं की आईला कोणी वाकवलं. तो उठून उरलेले वडे झाकायला गेला. आज सकाळी पाववाल्यानं त्याला ओळखलं म्हणे, हात मिळवला, पाव फुकट दिला. त्याचा चेहरा आता लक्षात राहतो.

आणि तू? तू कुठे होतास? तुझ्या तोंडाला कुलूप लागलं होतं? शाळेत पोरांना कोणत्या तोंडानं धडा शिकवतोस? तू थोरला, बाबांच्या जागी आहेस. तुझ्या डोळ्यांदेखत आईनं गुडघे टेकले आणि तू मला कापसाचं लिहितोस. मला सगळं खरं खरं लिहून कळव. नाही कळवलंस तर मला भाऊ नाही असं समजेन.

अन्नपूर्णा


खैरवाडी
दि. २३ डिसेंबर १९८१

चि. अन्नपूर्णेस जयभीम.

तुझं पत्र मिळालं. भाऊ नाही समजतेस तर समज, पण आधी पुरतं वाच. कोलोनात बसून भडकायला काय जातं? जावई तू केलास, विहिरीची गोष्ट त्याला तू सांगितलीस, मागेल ते द्या असं तू लिहिलंस. सारं करून सवरून आता कुलूप माझ्या तोंडाला. मला आईनं बाबांची शपथ घातली होती म्हणून मी गप्प होतो. आता तू स्वतःच पाहिलंस तर शपथ कसली.

आदल्या दिवशी सांगावा आला की उद्या वस्तीचं शूटिंग. आपल्या लोकांना काय वाटणार? चौदा ऑक्टोबरला, धम्मदीक्षेच्या दिवशी निघतो तसे सगळे निघाले. बायका पांढरी लुगडी नेसून, माणसं नीळ-खळ केलेल्या पांढऱ्या कपड्यांत. विहाराला पताका, रस्त्यावर सडा. मी पोरांना रांगेत उभं करून स्वागतगीत बसवलं होतं. जर्मनीत आपलं गाव दिसणार, तर ते नीट दिसावं, एवढंच आमच्या मनात. आमची चूक झाली ती ही.

तो दिग्दर्शक मोटारीतून उतरला आणि आम्हांला बघून त्यानं कपाळाला हात लावला. नागपूरहून आणलेला दुभाषी म्हणाला, साहेब म्हणतात ही माणसं फार स्वच्छ आहेत. यांना पाहून कोणाला दया येईल? त्यांनी मुंबईहून पेटी भरून फाटके कपडे आणले होते. अन्नपूर्णा, त्या चिंध्यांना इस्त्री केलेली होती. मी दुभाष्याला सांगितलं की साहेबांना म्हणावं, दया हवी असेल तर दुसरं गाव बघा, इथली संपली. वस्ती माझ्यामागे उभी राहिली. माणसं घरी गेली, बायकांनी दारं लावून घेतली. तू म्हणतेस मी बोललो नाही. हे बोललो मी.

मग दिग्दर्शकानं जावईबापूंना बाजूला घेतलं. तुमचीच माणसं आहेत, तुम्ही समजवा, नाहीतर गावही दुसरं आणि डॉक्टरही दुसरा. हे दुभाष्यानंच मला मागाहून सांगितलं.

दुपारी ते घरी आले. जयवंतानं पाट मांडला, ताट वाढलं. ते बसले आणि ताटाकडे पाठ केली. जयवंता हसली, तिला वाटलं मागच्यासारखी गंमत. आई पदराला हात पुसत आली, तीही हसत होती. तिनं विचारलं, बापू, आता काय पाहिजे, उखळ नेता का? त्यांनी मान वर केली नाही. मराठीत म्हणाले, मी रुसलो. आणि मग दुभाष्याकडून सांगितलं की सासूबाईंनी विहिरीवर यावं, ते कपडे घालून, आणि माझ्या हातचं पाणी ओंजळीनं प्यावं. मला हे काम पाहिजे.

आपणच शिकवलेली रीत. आपल्याच घरात, आपल्याच पाटावर बसून.

मी ताट उचलून फेकणार होतो. आईनं माझा हात धरला. म्हणाली, जावई रुसला आहे, सासूचं नि त्याचं आहे हे, तू मधात पडू नको. तुझ्या पत्रातलं वाक्यही तिनं मला ऐकवलं, जे मागेल ते दे. मग स्वतः त्या पेटीतलं लुगडं निवडून घेतलं. ती निघाली म्हटल्यावर रुख्माबाई निघाली, मग बाकीच्या बायका. तानाबाईला एकटं कसं जाऊ द्यायचं, म्हणून. दयेपोटी नाही, सोबतीपोटी गेल्या त्या, हे तुझ्या नर्सबायकांना सांग.

मी शाळेत जाऊन दार लावून बसलो. पाहवलं नसतं. जयवंतानं पाहिलं. बुटांचं तर ठरलंच नव्हतं. ते दिग्दर्शकानं ऐन वेळी काढलं. आईनं जावईबापूंकडे बघितलं, की हेही का? ते जमिनीकडे बघत राहिले. मग तिनं डोकं टेकवलं.

घरी येऊन तिनं अंघोळ केली, पांढरं लुगडं परत नेसली आणि जावयाला जेवायला वाढलं. वरून तूपही वाढलं. ते जेवले. त्या दिवसापासून आई विहिरीवर गेलेली नाही. पाणी जयवंता भरते. वस्तीत कोणी त्यावर शब्द काढत नाही, पण सगळ्यांना ठाऊक आहे.

झालं तुझं समाधान? मला आता यापुढे काही लिहायचं नाही.

प्रेमदास


खैरवाडी
दि. २ मार्च १९८२

चि. अन्नपूर्णाले आईचा जयभीम अन् आशीर्वाद. लिहिणारी जयवंता.

तुहं पत्र प्रेमदासनं वाचून दाखवलं. नवऱ्याले सोडून येतो म्हणतं. ये. घर तुहं हाय, कोणाले पुसाचं काम नाई. पण माह्या नावानं येऊ नको. तुहं त्याच्याशी पटत नसन तं ये. आईचा अपमान झाला म्हणून येशीन तं दारातूनच वापस पाठवीन. माह्या अपमानाचं काय कराचं ते मी पाह्यतो. मी काय मेली का?

तुमी भाऊबहीण माह्यासाठी भांडून राह्यले, अन् मले कोणी इचारत नाई. तं आयका. मले कोणी वाकवलं नाई. जावयाचा मान म्हणून मी गेली. जावई रुसला का देव लागते, हे आपण त्याले शिकवलं, त्यानं मांगितलं, मी देल्लं. पण मांगणाऱ्यानं काय मांगाव, हे त्याले समजाले नको? सूप मांगितलं तवा समजत होतं. तुह्या बापानं ज्या विहिरीत छातीभर पाण्यात उभं राहून गाळ काढला, तिच्यावर मले ओंजळ कराले लावली. अन् बुटाच्या वक्ती मी त्याच्याकडे पाह्यलं तं खाली मान घालून उभा. तिथं नाई म्हटलं असतं तं मी बाकीचं सारं इसरली असती.

माह्या जीवाले जे जळते ते वेगळंच हाय. जावयावर सासूले चिडता येत नाई. त्याच्या पुढ्यात तूप वाढाव लागते, हसाव लागते. सालभर मी ह्या रीतीच्या पायी तोंड दाबून बसली. आता बस झालं. त्याले सांगजो, जावयाचा मान मी वापस घेतला. आता त्याले पाट नाई, तूप नाई, रुसवा नाई. माह्या दारात याचं असन तं लेक होऊन ये म्हणा. अन् लेकाले काय भेटन तेही सांगजो. लेकाले मी थोबाडीत मारीन, चारचौघांत, त्याच विहिरीवर.

हे त्याच्या भाषेत बरोबर सांगजो. गोड करून सांगू नको.

तुही आई
तानाबाई

ता. क. वन्सं, मी एक शब्दही बदललेला नाही.  – जयवंता


कोलोन
दि. १५ डिसेंबर १९८२

ती. दादास सप्रेम जयभीम वि. वि.

मागचं सगळं लिहिणं पोटात घाल. माझी जीभ तुला माहीत आहे, तुझीही मला माहीत आहे. बाबांनी दोघांनाही एकाच चुलीवर भाजलं.

आईचं पत्र मी हेल्मुटला शब्दाशब्दानं सांगितलं. आधी तो हसला. त्याला वाटलं म्हातारीनं विनोद केला. मी हसत नाही असं पाहिल्यावर थांबला. मग कितीतरी महिने त्यावर बोललाच नाही. मी घर सोडलं नाही, पण त्याच्यासोबत जेवायचं सोडलं. माझं ताट मी स्वयंपाकघरात घेत होते. रस्त्यावर लोक त्याला डॉक्टर म्हणून हाक मारत होते, आणि घरात कोणी हाकच मारत नव्हतं.

त्या सिनेमाचा दुसरा भाग करायचं ठरलं. डॉक्टर आता आफ्रिकेत जाणार आणि तिथल्या लोकांना काहीतरी देणार. काम हेल्मुटलाच होतं. जानेवारीत सुरू. ऑक्टोबरात एक दिवस तो स्वयंपाकघरात आला, माझ्यासमोर बसला आणि म्हणाला की मला आधी खैरवाडीला जाऊन यायचं आहे. त्यानं त्या लोकांना तारखा पुढे ढकला म्हणून सांगितलं. ते थांबले नाहीत. डॉक्टरला आता दुसरा चेहरा आहे, जास्त लक्षात राहणारा.

दादा, तू याला त्याग वगैरे समजू नकोस. त्याला वाटलं होतं की ते थांबतील. त्यांनी नाही म्हटल्यावर यानं रात्रभर त्यांना अशा शिव्या घातल्या की मला या माणसाचा राग पहिल्यांदा दिसला. मी म्हटलं, अरे, हा राग होता तर विहिरीवर कुठे गेला होता?  पण नागपूरचं तिकीट मात्र त्यानं परत केलं नाही. शुक्रवारच्या मालिकेत पुन्हा मरायला जाऊ लागला आहे.

तेरा जानेवारीला तो नागपूरला उतरेल. मी येत नाही. मी असले तर तो माझ्या पाठीमागे लपेल. त्याला घ्यायला जायचं की नाही ते तूच ठरव. मी सांगणार नाही, मागच्या वेळचं सांगणं पुरे झालं.

आईला जयभीम. तिच्या मनात जे असेल ते तिनं करावं.

तुझी
अन्नपूर्णा


खैरवाडी
दि. १६ जानेवारी १९८३

चि. अन्नपूर्णेस दादाचा जयभीम व आशीर्वाद.

मी घ्यायला गेलो नाही. अजून राग होता, खोटं कशाला सांगू. तेही मोटार करून आले नाहीत. नागपूरहून एस.टी.नं जामच्या फाट्यावर उतरले, तिथून संत्र्यांच्या ट्रकवर बसून गिरड, आणि गिरडहून पायी. वस्तीतल्या पोरांनी ओळखलं आणि पळत शाळेत येऊन मला सांगितलं. मी पोचलो तेव्हा ते घराकडे न जाता सरळ विहिरीवर जाऊन उभे होते, पिशवी खांद्यालाच.

आईला रुख्माबाईनं निरोप दिला. ती तूर पाखडत होती. तिनं सूप खाली ठेवलं, हात झटकले, घरातली रिकामी घागर कमरेवर घेतली आणि निघाली. जयवंता म्हणाली की मी येते, तर म्हणाली, तू भात पाह्य. दोन वर्षांत ती त्या वाटेनं चालली नव्हती. बायका दारादारांतून बाहेर आल्या, पण जवळ कोणी गेलं नाही.

जावईबापूंनी, म्हणजे आता हेल्मुटच म्हणतो, त्यानं तुझ्याकडून काही मराठी वाक्यं पाठ करून आणली असावीत. त्यानं सुरुवात केली. आईनं घागर खाली ठेवली आणि पुरतं वाक्य होऊ दिलं नाही. अशी सणसणीत वाजवली की माझाच हात गालावर गेला. एवढ्या वर्षांत तिनं मला कधी तसं मारलं नाही.

तो उभा राहिला असता तर तिथेच मिटलं असतं. पण तो खाली बसला. गुडघ्यांवर, तिच्या पायांपाशी, हात जोडून, आणि हुंदके द्यायला लागला. खरं रडत होता, मी जवळून पाहिलं. मला वाटलं आता आई विरघळेल. पण तिचा चेहरा असा लाल झाला की थोबाडीत मारतानाही झाला नव्हता. तिनं त्याच्या दंडाला धरून त्याला वर ओढलं, एवढ्या मोठ्या माणसाला, आणि सगळ्या वस्तीला ऐकू जाईल अशी ओरडली.

"ऊठ. ह्या विहिरीवर कोणी गुडघे टेकत नाई."

तो उठला. आईनं दोर सोडला, स्वतः पाणी ओढलं, घागर भरली आणि कमरेवर घेऊन घरी आली. तो तिच्या मागून आला.

रात्री सगळे एका ओळीत जेवलो, जमिनीवर. त्याला पाट नव्हता आणि तूप नव्हतं. कोणी रुसलं नाही.

मनात असू दे.

तुझा
दादा